कपाटातला सिनेमा चव्हाट्यावर

पावेल दुरोव्हने २००६ साली सेंट पीटर्सबर्गमध्ये व्हीकॉन्ताक्ते हे समाजमाध्यम सुरू केलं, ते विद्यार्थ्यांना एकमेकांशी जोडण्यासाठी. त्याच वर्षी शाळेतले जुने सोबती शोधून देणारं ओद्नोक्लास्निकीही आलं. सिनेमाचा प्रसार या दोघांच्याही मनात नव्हता. तरीही जगभरातल्या चित्रपटवेड्यांना एखादा विसरलेला चित्रपट कुठेच मिळाला नाही की ते आज या दोन ठिकाणी शोधतात, आणि तो बऱ्याचदा तिथे सापडतो.

त्यामागे एक तांत्रिक कारण होतं. यूट्यूबवर तेव्हा सामान्य माणसाला दहा मिनिटांपेक्षा लांब व्हिडिओ टाकता येत नसे. व्हीकॉन्ताक्तेवर अख्खा चित्रपट चढवता यायचा. एकाने चढवलेली फाइल दुसऱ्याला एका क्लिकमध्ये आपल्या पानावर घेता यायची. त्यामुळे एकच प्रत असंख्य लोकांच्या यादीत जाऊन बसे आणि शोधणाऱ्याला नावावरून सापडे.

पण नुसत्या सोयीने प्रेक्षक तयार होत नाही. तो तिथे आधीपासून होता. सोव्हिएत काळात कित्येक चित्रपट पूर्ण होऊनही कपाटात बंद राहिले. ओडेसाच्या स्टुडिओत किरा मुरातोव्हाने १९७१ साली केलेला ‘दीर्घ निरोप’ लोकांपुढे यायला १९८७ साल उजाडलं. १९८६ मध्ये एलेम क्लिमोव्ह चित्रपटकर्मींच्या संघाचे प्रमुख झाले, संघाने अशा चित्रपटांसाठी खास समिती नेमली, तेव्हा कुठे ती कपाटं उघडली. त्याच सुमारास गावोगावच्या व्हिडिओ सलूनमध्ये परदेशी कॅसेट चालू लागल्या. वोलोदार्स्की, गाव्रिलोव्ह, मिखाल्योव्ह यांच्यासारखा एकच अनुवादक सगळ्या पात्रांचे संवाद एकटा बोलायचा आणि खाली मूळ आवाज ऐकू येत राहायचा. जे सहज मिळत नाही ते मिळवायचं, भाषांतर करायचं आणि पुढे द्यायचं, ही सवय त्या पिढीला तिथे लागली. समाजमाध्यमांवरच्या चित्रपटसमूहांना मी याच सवयीचे वारस मानतो.

या समूहांचं काम कष्टाचं आहे. कुणाकडे टीव्हीवरून उतरवलेली जुनी हंगेरियन फिल्म असते. कुणी रात्री जागून तिची रशियन सबटायटल्स लिहितो आणि ओळ न् ओळ वेळेशी जुळवतो. कुणी दोन-तीन छायाचित्रं लावून दिग्दर्शकाची ओळख करून देतो. ते टिपणच मला सर्वांत मोलाचं वाटतं, कारण अनोळखी चित्रपट बघायला माणूस बसतो तो कुणीतरी आपुलकीने सांगितलं म्हणून. इतर देशांतले रसिक तर रशियन येत नसूनही चित्रपटाचं नाव सिरिलिक लिपीत टाकून शोधतात.

आपल्या मुंबईचा सिनेमाही तिथे आहे. १९५४ साली ‘आवारा’ सोव्हिएत पडद्यावर आला आणि सहा कोटींहून अधिक तिकिटं खपली. ऐंशीच्या दशकात ‘डिस्को डान्सर’ने जवळपास तेवढीच गर्दी खेचली. रशियन आवाज चढवलेल्या हिंदी चित्रपटांच्या त्या आवृत्त्या भारतात कुणी जपल्या नसत्या. तिथल्या चाहत्यांनी त्या शोधून मांडल्या आहेत.

यातलं पुष्कळसं मालकाच्या परवानगीविना चालतं, आणि ते मला खटकतं. बड्या स्टुडिओला त्याची झळ फारशी लागत नसेल, पण कर्ज काढून चित्रपट करणाऱ्याच्या हाती त्यातून एक रूबलही येत नाही. १ ऑगस्ट २०१३ पासून रशियात चाचेगिरीविरोधी कायदा लागू झाला आणि तक्रारींवरून चित्रपट उतरू लागले. चालू बाजारातल्या चित्रपटाबाबत ते योग्यच आहे. पण ज्याचा हक्कदार हयात नाही, ज्याची डीव्हीडी कधी निघालीच नाही, असा चित्रपटही त्या लाटेत गेला तर त्याच्यासोबत कुणीतरी फुकट केलेलं भाषांतरही जातं.

मोसफिल्म स्टुडिओने २०११ मध्ये स्वतःचे जुने चित्रपट यूट्यूबवर मोफत खुले केले. प्रेक्षक आले आणि हक्कही मालकाकडेच राहिले. बेलीये स्तोल्बीच्या गोसफिल्मोफोंदसारख्या चित्रपटसंग्रहांनी हाच मार्ग धरावा, आणि या निनावी भाषांतरकारांना बोलावून त्यांची सबटायटल्स रीतसर नोंदवून घ्यावीत.