पॅड बांधून बसलेला मुलगा

श्रोतेहो, मी क्रिकेटचा जाणकार नव्हे, कवितेतला माणूस. पण नेरुळच्या बाजूला राहणाऱ्याला क्रिकेट टाळता येत नाही. सामन्याच्या दिवशी साधी रिक्षा मिळत नाही. २ नोव्हेंबर २०२५ रोजी, रात्री उशिरा, इथल्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये भारताच्या मुलींनी दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून विश्वचषक जिंकला. कर्णधार हरमनप्रीत कौर त्यानंतर आपल्या प्रशिक्षकाच्या पाया पडली. त्या प्रशिक्षकाविषयी, अमोल मुझुमदार यांच्याविषयी, आज बोलायचं आहे.

फेब्रुवारी १९८८ मधली सचिन आणि विनोद कांबळी यांची ६६४ धावांची भागीदारी तुम्हाला ठाऊक आहेच. शारदाश्रम शाळेच्या त्याच संघात पुढचा नंबर होता तेरा वर्षांच्या अमोलचा. तो पॅड बांधून बसून राहिला. डाव घोषित झाला, त्याची पाळी आलीच नाही.

पुढं १९९३-९४ मध्ये रणजी पदार्पणातच हरियाणाविरुद्ध त्यांनी २६० धावा काढल्या. प्रथम श्रेणी पदार्पणातली ती तेव्हा जगातली सर्वांत मोठी खेळी होती. कारकिर्दीत ११,१६७ धावा झाल्या, ३० शतकं झाली. पण भारताच्या मधल्या फळीत सचिन, द्रविड, गांगुली, लक्ष्मण! एकही आंतरराष्ट्रीय सामना न खेळता ते २०१४ मध्ये निवृत्त झाले. लोक त्यांना दुर्दैवी म्हणतात. मला तो शब्द तोकडा वाटतो.

कारण २००६-०७ चा रणजी मोसम पाहा. मुंबई पहिले तिन्ही सामने हरली होती. कर्णधार मुझुमदार. त्याच संघानं शेवटी बंगालला हरवून रणजी करंडक जिंकला.

ऑक्टोबर २०२३ मध्ये ते महिला संघाचे प्रशिक्षक झाले. तेव्हाही 'हे भारताकडून कुठं खेळलेत?' अशी कुजबुज झालीच. विश्वचषकात दोन विजयांनंतर दक्षिण आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, इंग्लंड असे ओळीनं तीन पराभव झाले. पुन्हा तीनच! त्यानंतरचे चारही सामने नवी मुंबईत होते.

इंग्लंडविरुद्ध जेमिमा रॉड्रिग्जला वगळलं होतं. पुढच्याच सामन्यात, न्यूझीलंडविरुद्ध, तिला परत घेऊन तिसऱ्या क्रमांकावर पाठवलं. उपांत्य फेरीतही ती तिसरीच गेली. आपण इतक्या वर खेळणार हे तिला अगदी आयत्या वेळी कळलं म्हणे. समोर ऑस्ट्रेलियाच्या ३३८ धावा. जेमिमा नाबाद १२७ काढून परतली, आणि महिलांच्या एकदिवसीय क्रिकेटमधला तो सर्वांत मोठा यशस्वी पाठलाग ठरला.

शेफाली वर्मा तर मूळ संघातच नव्हती. प्रतिका रावल जखमी झाली म्हणून उपांत्य सामन्याआधी तिला बोलावणं गेलं. अंतिम सामन्यात तिनं ८७ धावा काढल्या, वर दोन बळीही घेतले. सामन्याची मानकरी तीच ठरली.