गाविलगडाहून दहीहांड्याला

परीक्षा आटोपल्या की अकोला-अमरावतीच्या ट्रॅव्हल्सवाल्यांच्या फलकांवर दोन नावं ठरलेली: मनाली आणि जैसलमेर. डोंगर बघायचा तर हिमाचल गाठायचं, वाळवंट बघायचं तर राजस्थान. वऱ्हाडातच दोन रात्रींच्या मुक्कामात दोन्ही बघून होतं, असं मी म्हटलं की मित्र हसतात. डोंगर ठीक आहे म्हणतात, पण वाळवंट कुठून आणलंस?

त्यांचं चुकत नाही. वाळवंट म्हणायला वर्षाचा पाऊस साधारण २५० मिलिमीटरच्या आत असावा लागतो, आणि अकोल्यात तो त्याच्या तिप्पट पडतो. वाळू तर औषधालाही नाही. पूर्णा नदीच्या दोन्ही अंगांना पसरलेल्या खारपाणपट्ट्यात दिसते ती खोल, चिकट, काळी माती. पावसाळ्यात बैलाचा पाय निघत नाही आणि उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पण विहिरीत पाणी दिसतंय, आणि ते धड माणसाला पिता येत नाही, धड पिकाला पाजता येत नाही, अशा मुलखाला मग काय म्हणायचं? अमरावती, अकोला आणि बुलडाणा या तीन जिल्ह्यांत मिळून हा पट्टा सुमारे पावणेपाच लाख हेक्टरांचा आहे. जागतिक बँकेच्या मदतीने २०१८ साली सुरू झालेल्या नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पाने यातली ९३२ गावं वेगळी धरली, कारण त्यांचं दुखणं इतर दुष्काळी गावांसारखं नाही. आणि या दुखण्याच्या उशाशीच, सरळ रेषेत पन्नास-साठ किलोमीटरांवर, १११८ मीटर उंचीचं चिखलदरा आहे. तिथे अकोल्याच्या जवळजवळ दुप्पट पाऊस पडतो आणि कॉफी पिकते.

ही सहल करायची तर अमरावतीहून परतवाडा, वर चिखलदरा, तिथून सेमाडोह, मग खाली उतरून अंजनगाव, अकोट, नरनाळा आणि शेवटी पूर्णा ओलांडून अकोला, असा रस्ता धरावा. माहितगार मात्र हवा, आणि एकाने भागत नाही. मेळघाट व्याघ्र प्रकल्पात सफारीला गेलात तर गाइड बरोबर घ्यावाच लागतो. तो बहुतेक त्याच भागातला, पुष्कळदा कोरकू मुलगा असतो. खालच्या सपाटीवर मात्र गाइड घ्यावा असं कुणाच्या मनातही येत नाही. तिथे बघण्यासारखं काय आहे, असा आपला समज. खरं तर त्याची गरज तिथेच जास्त आहे.

चिखलदऱ्याच्या पॉइंटांबद्दल मी लिहीत नाही. भीमकुंड, कीचकाची गोष्ट, देवी पॉइंट हे सगळं मक्याच्या कणसासकट प्रत्येक वऱ्हाडी माणसाच्या पदरी असतं. गाविलगडात मात्र सवडीने जावं. अहमदशाह वली बहमनीने १४२५ साली हा किल्ला बांधला. त्याच साली त्याने नरनाळ्याचीही डागडुजी केली. पुढे शतकाच्या अखेरीस फतहुल्ला इमादुल्मुल्काने इथे नवं बांधकाम केलं. गाविलगडाच्या दरवाजावर गंडभेरुंड कोरलेला आहे. माणसं त्याखालून सेल्फी काढत जातात, पण दोन तोंडांचा हा पक्षी इथे आला कुठून, हे माहितगाराने सांगावं तेव्हा कळतं. वऱ्हाडात इमादशाही उभी करणारा हा फतहुल्ला जन्माने विजयनगरच्या मुलखातला होता. लहानपणी पकडला गेला, मुसलमान झाला आणि एलिचपूरच्या, म्हणजे आजच्या अचलपूरच्या, गादीपर्यंत पोचला. त्याने दक्षिणेतली खूण सातपुड्यावर कोरून ठेवली, असं मला तरी वाटतं.

या डोंगरातली सगळ्यात खटपटीची सहल १८०३ सालची. २९ नोव्हेंबरला तेल्हाऱ्याजवळच्या अडगावला इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीने भोसल्यांच्या फौजेचा पराभव केला. त्याचा साथीदार कर्नल स्टीव्हन्सन त्या वेळी इतका आजारी होता की घोड्यावर बसवेना, म्हणून हत्तीवरून फौज चालवत होता. भोसल्यांची उरलेली फौज गाविलगडात शिरली. दक्षिणेकडून पाहिलं तर किल्ल्याचे कडे सरळ तुटलेले; तोफा लावायला जरा सपाट जागा मिळते ती उत्तरेला, लबाड्याच्या पठारावर. म्हणजे किल्ला समोर दिसत असून त्याला डोंगरातून वळसा घालायचा. ७ डिसेंबरला स्टीव्हन्सनची तुकडी एलिचपूरहून निघाली. तीस मैलांचा रस्ता शिपायांनीच दऱ्याखोऱ्यांतून काढला आणि अवजड तोफा हातांनी ओढत नेल्या. १२ तारखेला ते पठारावर पोचले, १५ ला किल्ला पडला. किल्लेदार बेनीसिंह लढताना मारला गेला. आज परतवाड्याहून धामणगाव गढीमार्गे घाट चढताना आपली गाडी दुसऱ्या गिअरमध्ये कुरकुरते तेव्हा हा हिशोब आठवावा.

युद्ध डोंगरात झालं, पण कागद खाली लिहिले गेले. भोसल्यांशी तह १७ डिसेंबरला देवगावला झाला आणि त्यांचे साथीदार असलेल्या शिंद्यांशी ३० डिसेंबरला सुर्जी-अंजनगावला. इतिहासाच्या पुस्तकात पाठ केलेलं हे नाव म्हणजे परतवाडा-अकोट रस्त्यावरचं आपलं अंजनगाव. तिथे तहाची काही खूण सापडेल म्हणून फिराल तर निराश व्हाल. त्यापेक्षा पानपिंपळीचा मळा बघा.

पानपिंपळी म्हणजे आयुर्वेदातली पिंपळी. पांगाऱ्या-शेवरीच्या सावलीत तिचा वेल चढवतात. ऊन लागलं की संपला, पाणी चुकलं की संपला. बारी समाजाने अंजनगाव-अकोट भागात विड्याच्या पानांच्या मळ्यांबरोबर हे पीक पिढ्यान्‌पिढ्या जपलं. लांबट हिरवी फळं तोडून वाळवली की काळपट होतात, आणि एक जिभेवर ठेवली तर पुढचा अर्धा तास चहाची चव लागत नाही. इतकं नाजूक, तहानलेलं पीक वऱ्हाडात होतं कसं? उत्तर पायथ्यात आहे. सातपुड्यातून उतरणारे नदी-नाले आपले दगडगोटे आणि जाड रेती इथे टाकतात. त्या थरात पाणी मुरतं, आणि ते गोडं असतं. अचलपूर-परतवाड्याच्या संत्रा-बागा, अकोटकडची केळी, हे पानमळे, सगळी या अरुंद गोड्या पट्ट्याची मिळकत.

आणि मग ती सरते. इथेच माहितगार लागतो. आमची गाडी चालवणारा तेल्हारा तालुक्यातला होता. अकोटच्या खाली आल्यावर त्याने वेग कमी केला आणि म्हणाला, "आता बाहीर पाहा सायेब. संत्रं दिसते का? केळ दिसते का? इथून पुढं फक्त तूर, कपाशी अन् हरभरा. हीर असून नसल्यासारखी." सीमेची पाटी नव्हती, रस्ता तोच होता. पण दोन-तीन किलोमीटरांत झाडांची उंची उतरली, बागा गेल्या, मोटारीची खोपटी गेली.

असं का होतं, याची दोन उत्तरं मिळतात. गावात विचाराल तर म्हणतील, इथे पूर्वी समुद्र होता. भूवैज्ञानिकांचं उत्तर कमी रंगीत आहे. गाविलगडाच्या पायथ्याशी जमिनीत मोठा भ्रंश आहे. त्याच्या दक्षिणेचा भाग खचत गेला आणि त्या खोलगट द्रोणीत पूर्णा आणि तिच्या उपनद्यांनी गाळ भरला. काही ठिकाणी तो शेकडो मीटर खोल आहे. जाड गाळ पायथ्याशी राहिला, बारीक चिकणमाती आत गेली. तिच्यातून पाण्याचा निचरा होत नाही, वरून ऊन रणरणतं, आणि क्षार आहेत तिथेच साठून राहतात. अशा विहिरीचं पाणी शेताला दिलं की त्यातला सोडियम मातीचे कण सुटे करतो. वरचा थर ओला असताना राबडी आणि सुकला की दगड. म्हणून शेतकरी विहिरीकडे पाठ करून आभाळाकडे बघतो. शेततळ्यात पावसाचं पाणी अडवणं, सरी-वरंब्यावर पेरणं, याच दिशेने इथले उपाय चालले आहेत.

एका घरी थांबलो. चहा नळाच्या पाण्याचा होता आणि तो मुद्दाम सांगून दिला गेला. "हिरीच्या पान्याचा देला असता तं तुम्ही एका घोटात उठले असते," बाई म्हणाल्या. आंघोळीची बादली काठापर्यंत पांढऱ्या खपलीने माखलेली. विहिरीच्या पाण्यात डाळ लवकर शिजत नाही, हे त्यांनी तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही. तक्रार होती ती मूत्रपिंडाच्या दुखण्याची. ते या पट्ट्यात गावोगाव ऐकू येतं. नळाचं पाणी येतं ते सातपुड्याच्या पायथ्याला अडवलेलं. अकोट-तेल्हाऱ्याकडची ८४ खेडी पाणीपुरवठा योजना वान धरणावर उभी आहे. त्याच वानचं पाणी बाळापूर तालुक्यातल्या ६९ गावांना द्यायचं ठरलं तेव्हा तेल्हाऱ्याच्या शेतकऱ्यांनी विरोध केला, पुढे योजनेला स्थगिती मिळाली, आणि एप्रिल २०२३ मध्ये बाळापूरचे आमदार नितीन देशमुख खारं पाणी बरोबर घेऊन अकोल्याहून नागपूरकडे पायी निघाले. त्या राजकारणात मी पडत नाही. दोन्हीकडच्या गावांचं म्हणणं खरं आहे, आणि धरण एकच आहे, एवढं बघितलं तरी पुरे.

डोंगराने खाली फक्त पाणीच पाठवलं असं नाही, माणसंही पाठवली. मेळघाट व्याघ्र प्रकल्प १९७४ सालचा, देशातल्या पहिल्या नऊंपैकी. या शतकाच्या सुरुवातीला बोरी, कोहा, कुंड ही गावं जंगलातून उठवून अकोटकडे बसवली. नंतर धारगड, गुल्लरघाट, सोमठाणा, केलपाणी अशी आणखी काही. सिपना-गडग्याच्या काठाचे कोरकू लोक एकदम सपाटीच्या उन्हात आले. जमीन, पाणी, दवाखाना यांबद्दलच्या तक्रारी साठत गेल्या, आणि जानेवारी २०१९ मध्ये बरीच माणसं पुन्हा जंगलात शिरली. वनखातं, पोलिस आणि त्यांच्यात चकमक झाली. सेमाडोहच्या गाइडला वाघाबद्दल विचारा, रानपिंगळ्याबद्दल विचारा, तो मनापासून सांगेल. ज्या पिंगळ्याला जगाने शंभराहून अधिक वर्षं नामशेष धरलं होतं आणि जो १९९७ साली शहाद्याकडे पुन्हा दिसला, तो मेळघाटात सागाच्या फांदीवर दिवसाढवळ्या बसलेला असतो. पण एखादा प्रश्न उठून गेलेल्या गावांबद्दलही विचारावा.

नरनाळ्याला वेळ कमी दिलात तरी महाकाली दरवाजा चुकवू नका. १४८७ सालचा हा दरवाजा, त्यावरचे कोरीव लेख आणि सज्जे पाहता विदर्भातल्या किल्ल्यांत याला तोड नाही, असं माझं मत आहे. एरवी किल्ल्यावर बघायचं ते पाणीच: शक्कर तलाव, आणि ठिकठिकाणी खोदलेली टाकी. खाली पूर्णेकाठी विहिरी खाऱ्या, आणि हजार मीटरच्या आसपासच्या माथ्यावर तळी गोडी. किल्ले बांधणाऱ्यांना हा भूगोल पक्का ठाऊक होता.

एके काळी ही सगळी सहल रेल्वेच्या तिकिटात होत असे. अकोला-खंडवा मीटरगेज पूर्णेची सपाटी ओलांडून अकोट, अडगाव, हिवरखेड करत मेळघाटात शिरायची आणि धूळघाटाला स्वतःच्याच रुळांना वळसा घालून वर चढायची. २०१७ च्या सुरुवातीला ती थांबली. अकोला-अकोट ब्रॉडगेजवर नोव्हेंबर २०२२ मध्ये गाडी सुरू झाली, पण पुढचा मार्ग व्याघ्र प्रकल्पाच्या बाहेरून नेण्याचं ठरलं. वाघाच्या बाजूने पाहिलं तर निर्णय बरोबरच आहे. खिडकीतून धूळघाट पाहिलेल्यांना हळहळ वाटायची ती वाटणारच.

अकोट-अकोला रस्त्यावर चोहोट्टा बाजाराहून दहीहांड्याला वळावं. वऱ्हाडात समुद्र नाही, तरी १९३० च्या एप्रिलमध्ये इथे मिठाचा सत्याग्रह झाला. वीर वामनराव जोशी, ब्रिजलाल बियाणी ही मंडळी पुढे होती. दांडीला गांधीजींनी समुद्राचं मीठ उचललं. इथे विहिरीचं खारं पाणी आटवून मीठ काढलं. लोकांना ते शिकवावं लागलं नाही. पूर्णेच्या खोऱ्यात खोल विहिरी खणून मीठ काढण्याचा धंदा जुनाच होता, इंग्रज अमदानीत तो बंद पडला होता. ज्या पाण्याला आपण वर्षभर नावं ठेवतो, त्याने एकदा सरकारचा कायदा मोडून दाखवला, ही गोष्ट अकोल्याच्या शाळांच्या सहलीत का नसते, हे मला कळत नाही.

तिथून अकोला जवळ. वाटेत गांधीग्रामला पूर्णा लागते. १९२७ सालच्या जुन्या पुलाला ऑक्टोबर २०२२ मध्ये तडे गेले आणि कित्येक महिने लोकांना लांबून वळसा घालावा लागला. गांधीग्रामची गुळपट्टी घ्यावी, ताजी असते. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारच्या आदल्या रात्री मात्र गाडी घेऊन इकडे येऊ नये. १९४४ च्या दुष्काळापासून अकोल्याची मंडळे इथून पूर्णेचं पाणी कावडीत भरून पायी अकोल्यातल्या राजराजेश्वराच्या मंदिरात नेतात. शेकडो भरण्यांच्या (पाण्याच्या घागरींच्या) पालख्या-कावडी रात्रभर रस्त्यावर असतात, ढोल चालू असतात, आणि सकाळपर्यंत वाहनांना तो रस्ता मिळत नाही.