ही डीएलएल कोणाची?

नवा गेम किंवा हिशेबाचा प्रोग्रॅम सुरू करायला जावे आणि विंडोजने चौकट दाखवावी : ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल’ सापडत नसल्याने प्रोग्रॅम चालू करता येत नाही. वाचणारा सरळ अर्थ काढतो की एक फाइल हरवली आहे, ती आणून जागेवर ठेवली की काम झाले. इंटरनेटवर त्या नावाने शोधले, तर फुकट डीएलएल देणारी संकेतस्थळे लगेच हजर होतात. तिथून फाइल उतरवायची आणि सिस्टीम३२ या फोल्डरमध्ये टाकायची, हा उपाय इतका रूढ झाला आहे की त्यात काही गैर आहे असे कोणाला वाटतही नाही. पण चौकट फक्त फाइलचे नाव सांगते. ती फाइल तिथे ठेवण्याची जबाबदारी कोणाची होती, हे ती सांगत नाही. आणि दुरुस्ती करायची तर नेमके तेच आधी कळायला हवे.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, अनेक प्रोग्रॅमना लागणारे काम एकदाच लिहून ठेवलेली सामाईक फाइल. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली, तेव्हा तिला किमान २५६ किलोबाइट मेमरीत भागवायचे होते. खिडक्या, मेनू, अक्षरे रेखाटण्याची सूत्रे प्रत्येक प्रोग्रॅमने आपापल्या पोटात बाळगणे परवडणारे नव्हते, म्हणून ती सगळ्यांसाठी एकत्र ठेवली गेली. लिनक्समध्ये हेच काम ‘एसओ’ आणि मॅकवर ‘डायलिब’ फाइली करतात. प्रोग्रॅमच्या फाइलमध्ये त्याला लागणाऱ्या लायब्ऱ्यांची आणि त्यांतल्या फंक्शन्सची यादी असते. प्रोग्रॅम उघडताना विंडोज ती यादी वाचते आणि काही मूळ लायब्ऱ्या सोडल्या तर साधारणपणे आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये, मग सिस्टीम३२मध्ये, मग इतरत्र शोध घेते. फाइल मिळाली नाही तर वरची चौकट येते. फाइल मिळाली, पण हवे ते फंक्शन तिच्यात नसले, तर ‘एंट्री पॉइंट’ सापडत नसल्याची तक्रार येते. ६४ बिटच्या प्रोग्रॅमपुढे ३२ बिटची फाइल आली, तर बहुधा ‘०एक्ससी०००००७बी’ हा आकडा झळकतो. गंमत अशी की ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टीम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या फाइली सिसवाव६४मध्ये. नावावर विसंबून फाइल टाकणारा पहिल्याच पावलाला चुकतो.

फाइल असणे पुरेसे नाही, ती योग्य आवृत्तीची आणि योग्य जातीची असावी लागते, हा धडा विंडोजने महागात शिकला. १९९०च्या दशकात नवा प्रोग्रॅम बसवताना त्याचा इन्स्टॉलर सामाईक फोल्डरमधल्या डीएलएलवर स्वतःची प्रत बिनदिक्कत टाकत असे. ती कधी जुनी निघे, कधी वेगळीच, आणि कालपर्यंत चालणारा दुसराच प्रोग्रॅम बंद पडे. या गोंधळाला ‘डीएलएल हेल’ असे नावच पडले. विंडोज २०००ने बदललेल्या सिस्टीम फाइली आपोआप पूर्ववत करण्याची सोय आणली. पुढे एक्सपीने एकाच लायब्ररीच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची व्यवस्था केली. जे इन्स्टॉलरना करू द्यायचे नाही म्हणून मायक्रोसॉफ्टने हे सगळे उभारले, तेच काम फाइल उतरवणारा आपल्या हाताने करत असतो.

यावर उत्तर ठरलेले असते : ‘पण तसे करून प्रोग्रॅम चालतो की!’ कधीकधी चालतो, हे खरे आहे. मात्र एमएसव्हीसीपी१४० ही व्हिज्युअल सी++च्या रनटाइम संचातली एक फाइल आहे. ती आणली की बरेचदा व्हीसीरनटाइम१४० नसल्याची पुढची चौकट येते. संच रीतसर बसवला तर त्याची नोंद राहते आणि नवी आवृत्ती जुनीची जागा घेते. सुटी टाकलेली फाइल मात्र कोणाच्याच हिशेबात नसते. शिवाय डीएलएल हा चालणारा कोड आहे. प्रोग्रॅमला जे अधिकार असतात, ते सगळे तिलाही मिळतात. अनोळखी माणसाची डीएलएल ठेवणे म्हणजे त्याचा प्रोग्रॅम चालवणेच आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. आज डिस्क स्वस्त आहे, मग प्रत्येक प्रोग्रॅमने आपल्या लायब्ऱ्या बरोबरच का आणू नयेत? अनेक प्रोग्रॅम तसे करतातही, आणि त्यामुळे भांडणे कमी झाली आहेत. पण सप्टेंबर २००४मध्ये जेपीईजी चित्रे उघडणाऱ्या जीडीआयप्लस या लायब्ररीत गंभीर सुरक्षादोष जाहीर झाला, तेव्हा केवळ विंडोज दुरुस्त करून भागले नाही. कितीतरी प्रोग्रॅमनी स्वतःची प्रत बाळगलेली असल्याने त्या प्रती हुडकण्याचे साधन मायक्रोसॉफ्टला वेगळे द्यावे लागले. सप्टेंबर २०२३मध्ये लिबवेबपी या चित्रांच्याच लायब्ररीतल्या दोषाने ब्राउझरांपासून अनेक डेस्कटॉप प्रोग्रॅमपर्यंत सर्वांना आपापली दुरुस्ती काढायला लावली. याउलट एप्रिल २०१४च्या हार्टब्लीड दोषात लिनक्स सर्व्हरवरचे ओपनएसएसएलचे सामाईक पॅकेज बदलले आणि सेवा पुन्हा सुरू केल्या की ते पॅकेज वापरणारे सगळे प्रोग्रॅम एकदम दुरुस्त झाले. दोष सामाईक फाइलमध्ये असला तर तो सर्वांना बाधतो, हे मान्यच. पण त्याच्या दुरुस्तीचा पत्ताही एकच असतो.

तेव्हा दुरुस्तीला बसताना आधी फाइलचा मालक ठरवावा. ती प्रोग्रॅमची स्वतःची असेल तर तो पुन्हा बसवावा, आणि अँटिव्हायरसने तिला बाजूला काढले आहे का तेही पाहावे. एमएसव्हीसीपी किंवा व्हीसीरनटाइम अशा नावाची असेल तर मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून व्हिज्युअल सी++चा संच घ्यावा. ६४ बिटच्या विंडोजवर एक्स८६ आणि एक्स६४ हे दोन्ही बसवावेत, कारण ३२ बिटचे प्रोग्रॅम पहिल्यावर चालतात. जुना गेम डी३डीएक्स९_४३ मागत असेल तर जून २०१०चे डायरेक्टएक्स रनटाइम लागते. फाइल विंडोजचीच असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून आधी डीआयएसएमचा ‘रिस्टोअर हेल्थ’ पर्याय चालवावा, मग सिस्टीम फाइल चेकर. कारण चेकर ज्या साठ्यातून शुद्ध प्रती उचलतो, तो साठा डीआयएसएम दुरुस्त करतो. ‘रेगएसव्हीआर३२’ने फाइलची नोंदणी करण्याचा सल्ला सर्रास दिला जातो, पण तो फक्त नोंदणीची सोय असलेल्या लायब्ऱ्यांना लागू पडतो, एमएसव्हीसीपी१४० त्यांतली नव्हे.

सामान्य वापरकर्त्याने हे सारे का ओळखावे, ही तक्रार रास्त आहे. लिनक्सचे पॅकेज मॅनेजर कोणती फाइल कोणत्या पॅकेजची याची नोंद ठेवतात आणि लागणारी पॅकेजे स्वतःच आणतात. विंडोजची चौकट मात्र उघडे नाव पुढे करून थांबते. ती उणीव निर्मात्यांनी भरून काढेपर्यंत वापरकर्त्याला एवढे नक्कीच करता येईल की शोधताना ‘डीएलएल डाउनलोड’ असे न लिहिता ‘ही डीएलएल कोणत्या पॅकेजमध्ये येते’ असे विचारावे, आणि उत्तर मिळाले की ते पॅकेज त्याच्या निर्मात्याकडूनच घ्यावे.