काचेपलीकडची आजी

‘प्रायोगिक लघुपट’ म्हटलं, की आपल्यापैकी अनेकांच्या कपाळावर आठ्या चढतात. काहीतरी अगम्य असणार, ही खात्रीच असते. जपानमधल्या ज्या लघुपटांविषयी मी बोलणार आहे, त्यांत मात्र बायको आहे, तान्हं मूल आहे, परसातली भाजी आहे. मग यात प्रयोग कसला?

सुझुकी शिरोयासु हे कवी. नोकरी एनएचके या जपानच्या प्रसारणसंस्थेत, कॅमेरामनची. दिवसभर दुसऱ्यांसाठी चित्रण करणाऱ्या या गृहस्थांनी एक जुनापुराणा १६ मिलिमीटरचा कॅमेरा विकत घेतला आणि घरच्यांवर रोखला. त्यातून १९७५ साली ‘सूर्यास्ताचा ठसा’ हा लघुपट झाला. पत्नी, बाळ, कामाची जागा, मावळता सूर्य. सोबत त्यांचंच निवेदन. कथा नाही, नट नाहीत. सांगण्याजोगं काही घडायची वाट न पाहता सिनेमा करायचा, हाच तो प्रयोग.

फुजी कंपनीनं १९६५ मध्ये आणलेल्या ‘सिंगल-८’मुळे असं चित्रण सामान्यांच्याही आवाक्यात आलं. फिल्मची डबी कॅमेऱ्यात सरकवली, की झालं. पण एका डबीत चित्रण जेमतेम तीन मिनिटं वीस सेकंदांचं! त्यामुळे काय टिपायचं, हे दर वेळी ठरवावं लागे. मोबाइलवर तासन् तास चित्रण करणाऱ्या आपल्याला ही काटकसर समजणं जरा कठीणच.

आठ मिलिमीटरच्या अशाच छोट्या फिल्मवर नाओमी कावासे यांनी १९९४ साली ‘काताट्सुमोरी’ केला. आईवडिलांपासून दुरावलेल्या नाओमीला नात्यातल्या एका वृद्ध बाईंनी वाढवलं. ती त्यांना आजी म्हणे. चाळीस मिनिटांच्या या लघुपटात आजी बागेत राबते, बोलते, हसते. एका दृश्यात ती बाहेर आहे आणि नात घरात, खिडकीच्या काचेमागे. नातीचं बोट काचेवरच आजीची आकृती कुरवाळतं. मग ती बाहेर जाते आणि एका हातात कॅमेरा धरून दुसऱ्या हातानं आजीच्या सुरकुतलेल्या गालाला खरोखरच स्पर्श करते.

मला हे दृश्य फार अस्वस्थ करतं. कॅमेऱ्यामुळे ती आजीच्या जवळ गेली, की तोही काचेसारखाच मध्ये उभा होता? कावासे पुढेही आजीचं चित्रण करत राहिल्या. २०१२ सालच्या ‘चिरी’ या त्यांच्या चित्रपटात याच आजीच्या मृत्यूची नोंद आहे.