मध्यरात्रीचा बागोंग

जावा बेटावरील वायांग कुलित, अर्थात चामड्याच्या बाहुल्यांचे छायानाट्य, रात्री नवाच्या सुमारास सुरू होऊन पहाटेपर्यंत चालते. केळीच्या आडव्या खुंटात बाहुल्या रोवलेल्या असतात, मागे गामेलानचा वाद्यवृंद बसलेला असतो, आणि एकटा दलांग, म्हणजे सूत्रधार, सर्व पात्रांच्या मुखीचे संवाद बोलत, मधूनच पायाने धातूच्या पट्ट्या खणखणवीत, महाभारतातील प्रसंग उभे करीत असतो. मध्यरात्रीच्या सुमारास 'गोरो-गोरो' हा प्रवेश येतो व सेमार, गारेंग, पेत्रुक आणि बागोंग हे पांडवांचे सेवक पडद्यावर अवतरतात. व्यासांच्या ग्रंथात ही मंडळी शोधून सापडणार नाहीत. ती जावाच्या मातीतली आहेत. बागोंग तर सेमारच्या सावलीपासून जन्मला, अशी आख्यायिका आहे. जावानीज भाषेत थोरांशी 'क्रमा' आणि बरोबरीच्यांशी 'न्गोको' बोलावी, हा दंडक कसोशीने पाळला जात असताना हा वाटोळ्या डोळ्यांचा, पोट सुटलेला गडी राजांशी आणि देवांशीही खुशाल न्गोकोत, आपल्याकडील एकेरीत म्हणावे तसा, बोलतो. रयतेला तो आपला वाटतो तो त्यामुळेच.

इंडोनेशियातील व्हिडिओ-माध्यमाच्या भरभराटीविषयी लिहिताना मी बागोंगपासून आरंभ केला, तो हेतुपुरस्सर. अत्ता हलिलिंतार याने २०१९ साली यूट्यूबवर एक कोटी वर्गणीदारांची मजल गाठली, आणि त्याच्या आदल्या वर्षी दळणवळण खात्याने टिकटॉकवर घातलेला बंदीहुकूम काही दिवसांतच उठविला, या वार्ता सर्वश्रुत आहेत. परंतु नवे माध्यम आले की प्रादेशिक बोली लोपतात, या समजुतीला जावाने जे उत्तर दिले, ते मला यांहून अधिक मोलाचे वाटते. मलांगच्या बायू स्काक याने यूट्यूबवर आपल्या गावच्या जावानीजमध्ये विनोद केला आणि २०१८ साली त्याच भाषेत चित्रपटही काढला.

'तिलिक' हा लघुपटही त्याच वर्षीचा. तिलिक म्हणजे आजाऱ्याच्या समाचाराला जाणे. दिग्दर्शक वाहयू आगुंग प्रसेत्यो. साहाय्य योग्यकार्ता प्रांताच्या संस्कृती खात्याचे. मालमोटारीच्या उघड्या हौद्यात दाटीवाटीने उभ्या राहून शहरातील इस्पितळाकडे निघालेल्या खेडवळ बायका, आणि त्यांच्यात अंगावरचे सोने मिरवीत परक्या मुलीची अखंड कुचाळकी करणाऱ्या बू तेजो: एवढाच विषय. ऑगस्ट २०२० मध्ये तो यूट्यूबवर येताच कोट्यवधींनी पाहिला, आणि ज्यांना जावानीज येत नव्हती त्यांनी उपशीर्षके वाचून पाहिला.

त्याच महामारीच्या वर्षी योग्यकार्ताचे दलांग सेनो नुग्रोहो यांच्यापुढे पेच उभा राहिला. प्रयोग थेट प्रक्षेपित करण्याचा प्रघात त्यांनी आधीच पाडला होता व तरुण श्रोते त्यांच्याभोवती जमले होते. पण जमावबंदीमुळे गावोगावच्या सुपाऱ्या बंद पडल्या आणि वादक-गायिकांच्या चुली अडचणीत आल्या. तेव्हा त्यांनी मोजकेच साथीदार घेऊन स्वतःच्या घरून 'वायांग क्लिमेन', म्हणजे साधासुधा, आटोपशीर प्रयोग सुरू केला, आणि दूरचे रसिक आपापल्या पडद्यांसमोर बसून त्यास देणग्या पाठवू लागले. अंगणात सतरंजीवर बसणारा समाज विखुरला, पण उठून गेला नाही.

३ नोव्हेंबर २०२० रोजी, वयाच्या अवघ्या ४८व्या वर्षी, सेनो निवर्तले. त्यांच्या मुद्रित रात्री यूट्यूबवर शाबूत आहेत. गोरो-गोरोची वेळ होते, पडद्यावर बागोंग येतो आणि राजाला एकेरीत हाक मारतो.