गजावरचे शब्द

‘रामाला भाला मारा’ हे वाक्य शेवटाकडून वाचले तरी तेच राहते. लहानपणी ही गंमत आपण सगळ्यांनीच करून पाहिलेली असते. पण हेच वाक्य टेपवर ध्वनिमुद्रित केले आणि टेप उलटी फिरवली तर? कानांवर पडेल ते साधारण ‘आरामाला भालामार’ असे काहीतरी. कागदावर आपण अक्षरे उलटवतो आणि तिथे ‘रा’ हे अखंड अक्षर असते. टेपला मात्र अक्षर कळत नाही. तिच्यावर आधी ‘र्’ उमटतो, मग ‘आ’. उलट फिरताना ‘आ’ आधी येतो. ‘भा’ उच्चारताना ओठ उघडल्यावर निसटणारा श्वासही मग ओठांच्या स्फोटाआधीच ऐकू येतो.

लिहिलेली भाषा आणि बोललेली भाषा यांच्यातला हा फरक अमेरिकन कलावंत लॉरी अँडरसन यांनी रंगमंचावर हाताने वाजवून दाखवला. १९४७ साली इलिनॉय राज्यात जन्मलेल्या अँडरसन लहानपणापासून व्हायोलिन वाजवत. १९७७च्या सुमारास तंत्रज्ञ बॉब बिलेकी यांच्या साथीने त्यांनी एक वेगळेच व्हायोलिन तयार केले. गजाला घोड्याच्या शेपटीचे केस बांधलेले असतात. तिथे त्यांनी शब्द मुद्रित केलेली चुंबकीय टेप ताणून बसवली आणि व्हायोलिनच्या घोडीवर टेपरेकॉर्डरचे हेड लावले. गज फिरवला की व्हायोलिन बोलू लागे.

यामागचे विज्ञान सोपे आहे. टेपवर लोहाच्या ऑक्साइडचा थर असतो आणि आवाजाची कंपने त्यात चुंबकीय खुणांच्या रूपात साठवलेली असतात. या खुणा हेडसमोरून सरकल्या की त्यातल्या तारेच्या वेटोळ्यात वीज निर्माण होते. तीच पुढे स्पीकरमधून आवाज होऊन बाहेर पडते. गजाचा वेग दुप्पट केला तर स्वर एक सप्तक वर चढतो. मुद्रण सेकंदाला ३८ सेंटिमीटर या वेगाने केले असेल, तर सुमारे ६५ सेंटिमीटरच्या गजावर पावणेदोन सेकंदांचेच बोलणे मावते. म्हणजे एखादे छोटे वाक्य.

ते वाक्य कसे ऐकवायचे, हे मात्र हात ठरवतो. गज मागे ओढला की शब्द उलटतो. इंग्रजीतला ‘से’, म्हणजे ‘बोल’, उलटून ‘येस’च्या, म्हणजे ‘होय’च्या, अगदी जवळ जातो. उलटसुलट ऐकण्याजोगे असे शब्द अँडरसन यांनी हौसेने शोधले. पुढे व्होकोडर, म्हणजे आवाज बदलणारे यंत्र, वापरून केलेले त्यांचे ‘ओ सुपरमॅन’ हे गाणे १९८१ साली ब्रिटनच्या विक्रीयादीत दुसऱ्या क्रमांकावर पोहोचले. यंत्राने आपला आवाज खाली उतरवून त्या रंगमंचावर अधिकारी पुरुषाच्या सुरातही बोलत. आवाज बदलला की त्याच शब्दांचे वजन कसे बदलते, हे त्यातून श्रोत्यांच्या ध्यानात येई.

आज हा प्रयोग मोबाइलवरही करता येतो. ‘मला’ म्हणा, उलटे ऐका. ‘आलम’ ऐकू येईल. पण गजाने शिकवलेली एक गोष्ट मोबाइलवर सहज कळत नाही. चुंबकीय खुणा सरकल्या नाहीत तर वीजच निर्माण होत नाही. गज थांबला की शब्द टेपवर जसाच्या तसा असतो, तरी व्हायोलिन मुके होते. कागदावरचा शब्द आपली वाट पाहत थांबून राहतो. बोललेला शब्द फक्त चालत असतो तेवढाच वेळ असतो, आणि अँडरसन यांच्या गजाने तो चालताना आपल्याला दाखवला.