भूल घ्यायची की नाही? आधी विचारा!

शौचातून रक्त गेलं की "मूळव्याधच असेल" म्हणून आपण दुखणं अंगावर काढतो. डॉक्टरांनी कोलोनोस्कोपी सांगितली की भीती आणि लाज आडवी येते. वस्तीतल्या एक मावशी तपासणीच्या दिवशी तशाच उपाशीपोटी परत आल्या. सोबत माणूस नव्हता. आणि गुंगीच्या इंजेक्शनाशिवायही तपासणी होऊ शकते, हे त्यांना कुणी सांगितलंच नाही.

गुंगी घेतली तर त्रास कमी जाणवतो. पण घरी न्यायला माणूस लागतो, 24 तास गाडी चालवायची नसते. खासगीत भूलतज्ज्ञांचे पैसे वेगळे लागू शकतात. गुंगी न घेतल्यास आतडं फुगवताना कळा येतात. अनेकांना त्या सोसतात आणि लवकर घरी जाता येतं. पोट साफ करण्याचं औषध मात्र दोन्ही वेळा घ्यावंच लागतं.

संमतीपत्रावर सही करण्याआधी विचारा: मला काय योग्य? मध्येच असह्य झालं तर इंजेक्शन द्याल का? हृदयाचा, श्वासाचा आजार आणि रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असतील तर आधीच सांगा.

प्रश्न विचारायला बाबासाहेबांनी शिकवलं. दवाखान्याच्या दारात तो धडा विसरू नका. जय भीम!